थॅनहाउझरचा मोफत मूकपट-संग्रह: बालकलाकारांसाठी पाहायचा असेल तर

न्यूयॉर्कजवळच्या न्यू रोशेल गावात 1910 पासून पुढच्या सात-आठ वर्षांत थॅनहाउझर कंपनीनं हजाराहून जास्त मूकपट काढले. त्यातले दोनशेच्या आसपास आज वेगवेगळ्या देशांच्या संग्रहालयांत शिल्लक आहेत. संस्थापकांचे नातू नेड थॅनहाउझर यांनी पुढे ‘थॅनहाउझर कंपनी फिल्म प्रिझर्वेशन’ ही ना-नफा संस्था सुरू केली. अमेरिकेतल्या ओरेगन राज्यातून चालणाऱ्या या संस्थेनं सापडलेल्या मूकपटांच्या प्रती आधी व्हिडिओ कॅसेट आणि डीव्हीडीवर आणल्या, मग व्हिमिओ आणि यूट्यूबवर फुकट पाहायला ठेवल्या. इथे त्या संग्रहाकडे एकाच बाजूनं बघायचं आहे: लहान मुलं ज्यांच्या केंद्रस्थानी आहेत अशा एक-दोन रिळांच्या हसू-आसूच्या गोष्टींसाठी तो किती कामाचा?

बराच कामाचा. मात्र विनोदाच्या अपेक्षेनं गेलात तर निराश व्हाल. वाचलेल्या बालपटांत डोळ्यांना पदर लावायला लावणारा ऐवज जास्त आणि खिदळण्याजोगा कमी आहे. आणि समोर येणारी प्रत धड आहे की नाही हे तपासायची थोडी सवय लावून घ्यावी लागते. मोठ्या नटाचा अभिनय खराब प्रतीतूनही बराचसा पोचतो, पण सात-आठ वर्षांच्या मुलीचा पोचत नाही. तिच्याकडे चेहऱ्याची कसरत नसते. असतं ते चालणं, थांबणं, मान वळवणं, कुणाच्या तरी कुशीत शिरणं. वेग चुकला किंवा चित्राचा खालचा भाग कापला गेला, की नेमकं हेच हातचं जातं.

थॅनहाउझरकडे मुलांच्या भूमिकांची रेलचेल होती आणि ती योगायोगानं नव्हती. कंपनी काढणारे एडविन थॅनहाउझर मूळचे रंगभूमीचे. पत्नी गर्ट्रूड याही अभिनेत्री, आणि पटकथा व संकलनाच्या कामात त्यांचा हात असे. बहुतेक कथा लिहिणारे लॉइड लोनर्गन हे वृत्तपत्रातून आलेले आणि नात्यानं घरातलेच. घरगुती पेचांच्या, चौदा-पंधरा मिनिटांत सुटणाऱ्या गोष्टी हा या मंडळींचा हातखंडा. अशा गोष्टीत मूल आलं की दोन पिढ्यांमधला तिढा सोडवायला माणूस मिळतो. 15 मार्च 1910 रोजी आलेला कंपनीचा पहिलाच मूकपट ‘द ॲक्टर्स चिल्ड्रन’ हादेखील मुलांचाच होता.

त्यानंतर आली मरी ईलाइन. जन्म 1902 चा, म्हणजे पडद्यावर आली तेव्हा आठ वर्षांची. बऱ्याच कंपन्या नटांची नावं छापत नव्हत्या त्या काळात तिची जाहिरात ‘थॅनहाउझर किड’ म्हणून होत असे. मुलगे आणि मुली, दोन्ही ती करायची, आणि मुलगा करताना कुठेही ‘मुलगी मुलग्याच्या कपड्यांत’ असं वाटत नाही. ती मोठी व्हायला लागली तेव्हा 1908 मध्ये जन्मलेली हेलन बॅडग्ली ‘थॅनहाउझर किडलेट’ म्हणून पुढे आली. मॅडलीन आणि मॅरियन फेअरबँक्स या जुळ्या बहिणी ‘थॅनहाउझर ट्विन्स’ म्हणून गाजल्या. संग्रहात तिन्ही सापडतात, फक्त शोधावं लागतं. मांडणी बालकलाकारांच्या सोयीची नाही. काय पाहायचं ते माहीत नसेल तर चित्रपटाखालच्या माहितीत कलाकाराचं नाव धुंडाळत बसावं लागतं. नुसतं ‘किड’ लिहून शोधण्यापेक्षा ‘मरी ईलाइन’ किंवा ‘हेलन बॅडग्ली’ ही पूर्ण नावं रोमन लिपीत टाकून शोधा.

चित्रपटाखालची ती माहिती मात्र सोन्यासारखी आहे. प्रदर्शनाची तारीख, मूळ लांबी किती फूट, प्रत कुठल्या संग्रहालयाची, आत्ताची प्रत किती मिनिटांची, कलाकार कोण, संगीत कुणाचं हे सगळं दिलेलं असतं. यातल्या दोन आकड्यांवरून घरबसल्या प्रतीची परीक्षा करता येते. 35 मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी, म्हणजे एकेक स्थिर चित्रं, बसतात. एक रीळ साधारण हजार फुटांचं, म्हणजे 16,000 चौकटी. सेकंदाला 16 चौकटींच्या वेगानं ते 16 मिनिटं 40 सेकंद चालतं, 18 च्या वेगानं 14 मिनिटं 49 सेकंद, 20 च्या वेगानं 13 मिनिटं 20 सेकंद. आणि बोलपटाच्या 24 च्या वेगानं पळवलं तर 11 मिनिटं 7 सेकंदांत आटोपतं. उलटा हिशोबही तितकाच सोपा: फूट गुणिले 16, भागिले एकूण सेकंद. हजार फुटांचा मूकपट चौदा मिनिटांचा असेल तर वेग 19 पडतो. या काळातल्या घरगुती कथेला तो शोभतो.

आकडा 23-24 च्या पुढे गेला तर कारण दोनपैकी एक असतं. एक तर प्रत वेगानं पळवली आहे, नाहीतर मधले तुकडे हरवलेत आणि म्हणूनच ती लवकर संपते. फरक ओळखायला नटांकडे बघू नका, निर्जीव गोष्टींकडे बघा. खाली पडणारी वस्तू, चुलीतला धूर, वाऱ्यावरचा पडदा, ओतलं जाणारं पाणी. हे स्वाभाविक वाटत असेल तर वेग बरोबर आहे आणि फुटेज गेलंय. पाणी तुटक उडत असेल तर वेग चुकलाय. उलट, आकडा 15 च्या खाली आला तरी लगेच घाबरायचं कारण नाही. दृश्यांच्या मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्या नव्यानं बनवल्या असतील तर त्या मूळ पाट्यांपेक्षा जास्त वेळ पडद्यावर ठेवलेल्या असतात, त्यामुळे मिनिटं फुगतात.

संस्थेच्या स्वतःच्या प्रती या परीक्षेत बहुतेक उत्तीर्ण होतात, आणि हा संग्रह निवडण्याचं सगळ्यांत मोठं कारण आमच्या मते हेच. इतरत्र कुणीही चढवलेल्या प्रती सरसकट 24 च्या वेगानं पळतात. तिथे यूट्यूबवर वेग 0.75 केला की 24 चा बरोबर 18 होतो. त्याबरोबर संगीतही रेंगाळतं, तेव्हा आवाज बंद करा. फक्त एक पथ्य पाळा. मुळात योग्य वेगानं उतरवलेल्या प्रतीला 0.75 लावू नका. मूकपट म्हणजे पळणारी माणसं हा समज मनात असला की बरोबर प्रतही संथ करून बघण्याचा मोह होतो, आणि मग मुलं पाण्याखाली चालल्यासारखी दिसतात.

आता मूकपटांकडे वळू. सुरुवात ‘ओन्ली इन द वे’पासून करावी, 31 जानेवारी 1911 चा, एका रिळाचा. पायानं अधू असलेली छोटी मुलगी, तिच्या घरी राहायला आलेली आजी, आणि आजीची अडगळ वाटणारी आई. आजीची रवानगी वृद्धाश्रमात होते. मग मुलगी आपल्यापुरता सरळ हिशोब करते: आजी अडचण म्हणून जाते, तर मीही अडचणच आहे. ती चिठ्ठी लिहिते आणि आजीकडे निघून जाते. गोष्ट एवढीच. ती रडकी होऊ शकली असती, पण मरी ईलाइन ती रडकी होऊ देत नाही. ती दया मागत नाही. निघून जाण्याचा निर्णय ती एखादं घरकाम उरकावं तितक्या गंभीरपणे पार पाडते. हसू येतं ते तिच्या या पोक्तपणाचं, आणि हसतानाच घशात काहीतरी अडकतं.

इथे तिच्या चालण्याकडे नीट बघा. अधू पायाचा जडपणा प्रत्येक प्रसंगात कायम आहे. धांदलीच्या प्रसंगात विसरला आणि नंतर आठवला असं होत नाही. मोठे नटसुद्धा यात चुकतात. तिचं चालणं हळू असल्यामुळे आजीला तिच्या चालीनं चालावं लागतं, आणि पाटी न वाचताही दोघींचं नातं कळतं. हीच गोष्ट 24 च्या वेगानं पाहिली तर ते चालणं टुणटुण उड्यांसारखं दिसतं आणि करुण प्रसंग थट्टेचा होतो. वेगाबद्दल इतकं पाल्हाळ लावण्याचं कारण हे एकच दृश्य आहे म्हणा.

आणखी एक बारकावा. तेव्हा कॅमेरा सहसा नटांपासून काही फुटांवर एका जागी रोवलेला असे आणि माणसं निदान गुडघ्यांपासून डोक्यापर्यंत दिसत. अशा चौकटीत मूल मोठ्यांच्या कमरेएवढंच येतं आणि चेहरा खाली हरवतो. त्यावर त्या काळचे दिग्दर्शक साधे उपाय करत: मोठ्यांना खुर्चीत बसवायचं, गुडघ्यावर आणायचं, किंवा मुलाला स्टुलावर नाहीतर पलंगावर चढवायचं. कुठलाही बालपट पाहताना कोण कधी बसतं यावर लक्ष ठेवा. मोठं माणूस खाली बसलं की पुढचा क्षण मुलाचा आहे असं समजा. आजीच्या गोष्टीत तर हे कथेलाच धरून आहे, कारण त्या घरात मुलीच्या उंचीवर येऊन बोलणारी एकटी आजी आहे.

दुसरा पाहायचा तो ‘द एव्हिडन्स ऑफ द फिल्म’. 10 जानेवारी 1913 ला आलेला, एका रिळाचा, लॉरेन्स मार्स्टन आणि एडविन थॅनहाउझर यांनी दिग्दर्शित केलेला. यात मरी ईलाइन निरोप्या मुलगा आहे. एक दलाल त्याच्याकडे रोख्यांचं पाकीट देतो, आणि रस्त्यात त्याला मुद्दाम धडकून पाकिटाची अदलाबदल करतो. उघडल्यावर आत वर्तमानपत्राचे कपटे निघतात. आळ मुलावर. पण त्याच रस्त्यावर एक फिल्म कंपनी चित्रीकरण करत होती आणि ती धडक कॅमेऱ्यात आलेली आहे. मुलाची बहीण, म्हणजे फ्लॉरेन्स ला बडी, त्या कंपनीत फिल्मच्या पट्ट्या तपासण्याचं काम करते. पुढचं तुम्हीच ओळखा.

कथा पेचदार आहे, पण आजही अडखळत नाही. पाहण्यासारख्या जागा दोन. पहिली म्हणजे फिल्म तपासण्याच्या खोलीतला प्रसंग. बायका हातात पट्टी धरून उजेडासमोर चौकटी बघतात. 1913 मधल्या स्टुडिओत हे काम कसं दिसत असेल याची इतकी जवळची झलक क्वचितच मिळते. दुसरी म्हणजे ती धडक. ती आपण आधी रस्त्यावर पाहतो आणि नंतर पडद्यावरच्या पडद्यावर. पहिल्या वेळी नजर मुलावर असते, दुसऱ्या वेळी दलालाच्या हातावर. हे जमायचं तर मुलाचं धडपडणं पहिल्यांदा पुरतं खरं वाटायला हवं, म्हणजे हात दिसूनही लक्षात येत नाही. मरी ईलाइनचं पडणं तसं आहे.

हा मूकपट वाचला हेही नवलच. प्रदर्शनानंतर तीनच दिवसांनी, 13 जानेवारी 1913 ला, न्यू रोशेलचा स्टुडिओ जळाला. या मूकपटाची प्रत सापडली ती 1999 मध्ये, मोंटाना राज्यातल्या सुपिरियर गावच्या थिएटरात, प्रोजेक्टरच्या खोलीच्या जमिनीवर. 2001 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत, म्हणजे जतन करण्याजोग्या चित्रपटांच्या यादीत, त्याचा समावेश झाला. मुलांना सोबत घेऊन बघायचं असेल तर याच मूकपटानं सुरुवात करा. कोण खोटारडा हे डोळ्यांनी दिसतं आणि मुलगा सुखरूप सुटतो.

‘द क्राय ऑफ द चिल्ड्रन’ मुलांना दाखवू नका. निदान आधी स्वतः पाहा. 1912 चा, दोन रिळांचा, म्हणजे 18 च्या वेगानं साधारण अर्धा तास. एलिझाबेथ बॅरेट ब्राउनिंग यांच्या कवितेवर बेतलेला. गिरणीत राबणारं कुटुंब, आणि कामापासून अजून लांब ठेवलेली धाकटी ॲलिस. गिरणीमालकाच्या बायकोला ती आवडते, दत्तक हवी असते. पोर नकार देते. पुढे घरावर संकट येतं, ॲलिसही गिरणीत जाते, आणि जेव्हा ती स्वतःहून मालकिणीकडे येते तेव्हा तिचा कोमेजलेला चेहरा मालकिणीला नको असतो. शेवट मृत्यूत आहे. विनोदाचा इथे मागमूस नाही. तरी यादीत ठेवला, कारण मरी ईलाइनचा पल्ला यातच कळतो. आधीची आणि नंतरची ॲलिस यांतला फरक वेशभूषेनं कमी आणि खांद्यांनी जास्त दाखवला आहे. गिरणीतली दृश्यं खऱ्या गिरणीत घेतलेली असल्यानं यंत्रांच्या रांगेपुढे ती किती लहान आहे हे सांगायला पाटी लागत नाही. बालमजुरीला आळा घालणारा अमेरिकेचा पहिला संघीय कायदा 1916 मध्ये आला आणि 1918 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो रद्दही केला. हा मूकपट त्या वादाच्या ऐन उंबरठ्यावरचा. राष्ट्रीय नोंदवहीत तो 2011 मध्ये गेला.

हेलन बॅडग्लीसाठी ‘अ डॉग्स लव्ह’ पाहावा, 1914 चा. एकटी छोटी मुलगी आणि शेप नावाचा कुत्रा यांची मैत्री, आणि मुलगी गेल्यावर कुत्र्याचं दुःख. अभिनयात कुत्रा मुलीच्या वरचढ आहे हे कबूल करायला हवं. हेलन तेव्हा पाच वर्षांची. कॅमेऱ्यामागून मिळणाऱ्या सूचना ऐकून त्या पाळताना तिची नजर मधूनच चौकटीबाहेर जाते. मूकपटात दिग्दर्शक चित्रीकरण चालू असतानाच मोठ्यानं सांगू शकत असे, ‘आता बस’, ‘आता त्याला जवळ घे’, त्यामुळे अगदी लहान मुलांकडून काम काढता आलं. पण सूचना आणि कृती यांच्यातलं ते अर्ध्या क्षणाचं अंतर सरावलेल्या डोळ्याला दिसतंच. मरी ईलाइनमध्ये ते अंतर जवळजवळ नाही, आणि दोघींमधला फरक तोच. जुळ्या बहिणींचा 1915 चा ‘देअर वन लव्ह’ पाहाल तर रात्रीच्या लढाईच्या चित्रीकरणासाठी पाहा. बहिणी तोवर चौदा वर्षांच्या झाल्या होत्या आणि गोष्ट प्रेमाची आहे, त्यामुळे तो बालपटात जेमतेम बसतो.

आता तक्रारी. पहिली पाट्यांची. मूळ पाट्या हरवलेल्या असतात, किंवा प्रत परदेशी असल्यानं दुसऱ्या भाषेत असतात. काही वेळा फिल्मवर पाटीच्या दोन-चार चौकटीच खूण म्हणून राहिलेल्या असतात, त्या ताणून लांबवाव्या लागतात. म्हणून अनेक पाट्या नव्यानं बनवल्या आहेत. संस्थेचं काम प्रामाणिक आहे, पण पडद्यावर नवी पाटी गुळगुळीत आणि पुढचं दृश्य ओरखड्यांनी भरलेलं अशी उडी बसते. शिवाय 1910 ते 1912 च्या पाट्यांची पद्धतच अशी की प्रसंग दिसण्याआधी तो सांगून मोकळं व्हायचं. ‘आजीला पाठवून देतात’ असं वाचायचं आणि मग ते बघायचं. मुलांना वाचून दाखवणार असाल तर क्रम उलटा करा. पाटी स्वतः मनात वाचा, दृश्य होऊ द्या, अडलं तरच सांगा. चिठ्ठ्या मात्र लगेच वाचून दाखवा, कारण त्या कथेतल्याच असतात.

दुसरी तक्रार रंगांची. त्या काळच्या प्रती बऱ्याचदा रंगवलेल्या असत, रात्र निळी आणि दिव्याचा उजेड पिवळसर. नंतर कृष्णधवल फिल्मवर नकला काढल्या गेल्या तेव्हा हे रंग गळाले. त्यामुळे भर उन्हात घेतलेली ‘रात्र’ आपल्याला ऊनच दिसते, आणि अंधारात घाबरणारं पोर उगाच नाटक करतंय असं वाटतं. असा प्रसंग आला की हातातल्या कंदिलाकडे किंवा घरच्या कपड्यांकडे बघा, वेळ कळते. चेहऱ्यांचंही तसंच. तेव्हाची फिल्म लाल रंगाला आंधळी आणि निळ्याला फार हळवी होती. निळे डोळे पांढुरके दिसतात, लाल गाल काळवंडतात आणि आकाश कोरं येतं. मूल आजारी दिसतंय म्हणजे ते कथेत आजारी आहेच असं नाही.

तिसरी तक्रार चित्राच्या सुबकतेची. आधी डीव्हीडीसाठी उतरवलेल्या काही प्रती आजच्या मोठ्या पडद्यावर मऊ पडतात. लॅपटॉपवर किंवा टॅबवर त्या टीव्हीपेक्षा बऱ्या दिसतात. सेकंदाला 18-20 चौकटींचं चित्र व्हिडिओच्या वेगात बसवताना काही चौकटी दोनदा दाखवाव्या लागतात, म्हणून हालचालीत बारीक हिसका जाणवतो. टीव्हीतली हालचाल गुळगुळीत करणारी सेटिंग चालू असेल तर हाच हिसका चिखलासारखा पसरतो. ती बंद करा. आणि पडदा भरून दाखवणारी झूमची सेटिंग तर आधी बंद करा. चित्र मुळात 4:3 च्या आकाराचं आहे. ते 16:9 मध्ये भरलं की उंचीचा चौथा हिस्सा कापला जातो. वरून टोप्या जातात आणि खालून, जिथे मूल उभं असतं तिथून, नेमकं मूल. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या दिसल्या म्हणजे सगळं ठीक आहे.

संगीताचा दर्जा एकसारखा नाही. रे ब्रुबाकर, बेन मॉडेल, फिलिप कार्ली, अँड्र्यू क्रो अशा वेगवेगळ्या वादकांचं काम आहे, कुठे पियानो तर कुठे ऑर्गन. आमचं माप पियानोच्या बाजूनं झुकतं. ऑर्गनचा सूर लांबतो आणि मुलाच्या छोट्या कृतीवर भावना लादतो, तर पियानो कृती संपली की थांबतो. हा आवडीनिवडीचा भाग आहे, पण ‘ओन्ली इन द वे’ एकदा आवाज बंद करून पाहाच. ती गोष्ट संगीताशिवायही उभी राहते.

डीव्हीडी घ्याव्यात का? केवळ मुलांच्या मूकपटांसाठी नाही. तेच मूकपट फुकट उपलब्ध आहेत आणि डीव्हीडीवर ते इतर विषयांत विखुरलेले आहेत. इंटरनेट अधूनमधून तुटतं अशा ठिकाणी, शाळेत वा ग्रंथालयात दाखवायचं असेल तर डीव्हीडीचा उपयोग आहे. 2014 मध्ये नेड थॅनहाउझर यांनी कंपनीवर केलेला तासाभराच्या आतला माहितीपट मात्र जरूर पाहा, आणि तोही मूकपटांच्या आधी नव्हे, तीन-चार पाहून झाल्यावर. मग माहितीपटातले चेहरे ओळखीचे निघतात.

ज्यांना मुलांची निव्वळ धमाल हवी आहे त्यांनी हा संग्रह दुसऱ्या टप्प्यावर ठेवावा. फ्रान्समधल्या गोमाँ कंपनीच्या लुई फ्यूयाद यांनी याच सुमारास ‘बेबे’ आणि मग ‘बू द झां’ ही मुलांची विनोदी मालिका केली. तिथली पोरं मोठ्यांना नुसती छळतात. आणि अमेरिकेतच, दहा वर्षांनी, हॅल रोच यांच्या स्टुडिओत 1922 मध्ये ‘अवर गँग’ सुरू झाली. तिथे रॉबर्ट मॅकगोवन यांच्या दिग्दर्शनाखाली मुलांची टोळीच नायक झाली, मोठ्यांच्या घरातला तिढा सोडवण्याची जबाबदारी त्यांच्यावर राहिली नाही, आणि रिळंही एकाची दोन झाली. तो विनोद जास्त मोकळा आहे. पण तिथल्या प्रती निवडताना वेगाची आणि चौकटीची तपासणी दुप्पट काळजीनं करा. मालिका लोकप्रिय असल्यानं कापलेल्या, पळवलेल्या आणि नवी नावं चिकटवलेल्या प्रतींचा सुळसुळाट आहे. तिथे वरचा फुटांचा हिशोब लावायला मूळ लांबी सहसा दिलेली नसते, तेव्हा दोन रिळांचे 2,000 फूट धरून चाला. वीस-पंचवीस मिनिटांच्या जागी दहा-बारा मिनिटांतच संपणारी प्रत हाती आली, तर ती अर्धी आहे असं समजून सोडून द्या.